पहिला परका पाय

“तुमच्याकडे बाळ झालं, त्यात माझ्या बसचा काय गुन्हा?” सू ताई म्हणाली. हातातली पिवळी झेंडी तिनं माझ्या नाकापुढे अशी धरली होती की शिंकच यावी.

मी म्हटलं, गुन्हा कुणाचाच नाही, पण दार बंद म्हणजे बंद.

“काल उघडं होतं. उद्या उघडं असणार. आजच आत काय सोनं पुरलंय?”

“सोनंच समज.”

“समज काय? समजा म्हण. तुझ्या थोरल्या बहिणीच्या वयाची आहे मी.”

“म्हणून तर अजून नीट बोलतोय.”

तिच्यामागे बसभर माणसं उभी होती. टोप्या, छत्र्या, पाण्याच्या बाटल्या. एका माणसानं डोक्यावर उडवायचा कॅमेरा हातात धरला होता आणि तो भिंतीवरून आत सोडू का म्हणून सगळ्यांना विचारत होता. एक म्हातारा संडास कुठे आहे ते विचारत होता. संडास बाहेरच आहे, तो दाखवला. तेवढं एक काम झालं.

सू ताई रोज श्यामेनहून बस घेऊन येते. आमच्यासारखी मातीची घरं दाखवते, दुपारी कुठेतरी जेवायला घालते, संध्याकाळी माणसं परत नेऊन सोडते. पहिलं घर आमचं, वानशुन लौ. मी दाराशी तिकिटं फाडतो, त्यामुळे आमची रोजची ओळख आहे आणि रोजचं थोडंफार भांडणही. पण आज मी जागचा हलणार नव्हतो. कारण वहिनीला पहाटे मुलगी झाली होती, घरातच, दवाखान्याची गाडी बोलवायच्या आत. आणि बाळ झाल्यावर जो पहिला परका माणूस उंबरा ओलांडून आत येतो, बाळ त्याच्यावर जातं. त्याचा पायगुण लागतो. स्वभाव, बोलणं, चालणं, सगळं.

इतर गावांत हे सोपं असतं. घराला एक दार, घरात एक कुटुंब, शेजारी आला की झाला परका. आमचं घर म्हणजे गोल भिंत, आत अख्खी लू आडनावाची मंडळी. ज्याची त्याची चूल खाली, धान्य वर, झोपायचं त्याच्याही वर, आणि एवढ्या सगळ्यांना बाहेर पडायला दार एकच. आत राहतात ते सगळे आपले. मग परका कोण? तर जो या एका दारातून बाहेरून आत येतो तो.

आणि हे काही उगाच म्हणत नाही. धाकट्या काकांच्या मुलाच्या वेळी पहिला आला डुकरांचा व्यापारी. तो मुलगा आता मोठा झालाय, पण माणसाकडे बघतो तेव्हा वजन करतोय असंच वाटतं. माझ्या वेळी विजेच्या कंपनीतला माणूस आला होता. खांबावर शॉक बसून खाली उतरलेला, हात झटकत, शिव्या देत. पाणी मागायला आला आणि माझं वाटोळं करून गेला, असं आजोबा म्हणतात. मी जरा कुठे आवाज चढवला की ते म्हणतात, “बोलला बघा वीजवाला.”

आजोबांना आम्ही आकुंग म्हणतो. घरातले सगळेच म्हणतात, कारण ते सगळ्यांत मोठे आहेत. या खेपेला त्यांनी आधीच ठरवलं होतं, पहिला पाय डॉक्टर वेन यांचा. शांत माणूस, शिकलेला, कुणावर ओरडत नाही, अक्षर मात्र वाईट. पहाटेच त्यांना फोन गेला होता. वहिनीला तपासायला ते येणारच होते. ते येईपर्यंत दार बंद.

आता तुम्ही म्हणाल, आकुंगनी मला सांगितलं आणि मी दाराशी उभा राहिलो. तसं नाही. आकुंग माझ्याशी बोलत नाहीत.

मी शाळा सोडली तेव्हा भांडण झालं होतं. मोठं झालं होतं. वर्गात मास्तर फळ्याकडे तोंड करून जे बोलायचे ते मला ऐकूच यायचं नाही, पाय नुसते हलत राहायचे, म्हणून सोडली. आकुंग मधल्या चौकात पूर्वजांच्या दालनाच्या पायरीवर उभे होते. मीही काहीतरी बोललो. ते म्हणाले, “शाळा सोडलीस ना? मग हे घरही सोड. या घरातला नाहीस तू.” आमच्याकडे त्या पायरीवर बोललेलं पूर्वज ऐकतात असं मानतात. आणि आकुंगनी बोललेलं मागे घेतलेलं तर जिवंत माणसांपैकीही कुणी पाहिलेलं नाही.

तेव्हापासून मी रस्त्याखालच्या तंबाखू वाळवायच्या भट्टीत झोपतो. या दिवसांत ती रिकामीच असते. अंगाला वास लागतो एवढंच. जेवण वहिनी देते. आमच्या भिंतीला बाहेरच्या अंगाला खिडक्या फक्त वरच असतात. वहिनी तिसऱ्या मजल्यावरच्या खिडकीतून दोरीला टोपली बांधून खाली सोडते. भात, सुकवलेल्या मोहरीच्या पाल्यात शिजवलेलं डुकराचं मांस, कधी अळूच्या कंदाचे वडे. पोट एवढं पुढे आलं तरी तिनं टोपली चुकवली नाही. दादा श्यामेनला बांधकामावर असतो, त्याला यातलं काही माहीत नाही.

म्हणजे मी या घराच्या दाराशी दिवसभर उभा असतो, पण बाहेरच्या बाजूला. आकुंगना मला काही सांगायचं असलं की ते तिसऱ्या काकूला सांगतात, “त्या तिकीटवाल्याला सांग.” मी तिथेच असतो, मला ऐकू येतं, तरी काकू पुन्हा सांगते. तिला मजा येते.

आज सकाळीही तसंच. त्या तिकीटवाल्याला सांग, डॉक्टर आल्याशिवाय चिटपाखरू आत सोडायचं नाही.

तर सू ताई. बराच वेळ भांडून झाल्यावर तिनं माणसांना भिंतीच्या सावलीत उभं केलं आणि तिचं रोजचं सुरू केलं. भिंतीच्या मातीत गूळ आणि चिकट भाताची पेज घातलीय. परदेशातल्या लोकांनी आकाशातून फोटो काढले तेव्हा त्यांना हे बॉम्बचे कारखाने वाटले. खरं खोटं कुणास ठाऊक, पण मला पाठ आहे. मग ती म्हणाली, या लोकांच्या नावाचाच अर्थ पाहुणे. उत्तरेकडून कधीकाळी आले, इथल्या लोकांनी पाहुणे म्हटलं, तेच नाव पडलं. माणसांनी माना डोलावल्या. नंतर तिचं सांगायचं संपलं आणि दार काही उघडलं नाही. तिनं बॉम्बचं पुन्हा सांगितलं. टोपीवाली एक बाई म्हणाली की हे झालं मघाशी.

तेवढ्यात दाराची एक फळी किंचित उघडली आणि फटीत तिसऱ्या काकूचं नाक आलं. डॉक्टरांचा फोन आला होता. पुलावर बांबूचा ट्रक आडवा झालाय, दुपारशिवाय येणं होणार नाही.

सू ताईनं ते ऐकलं. आतापर्यंत ती सरकारी भाषेत भांडत होती. आता एकदम आमच्या भाषेत आली.

“मी डोंगरापलीकडचीच आहे. मला पायगुण शिकवू नकोस. माझ्या वेळी पहिली कोण आली होती माहितीये? बहिरी शेजारीण. म्हणून मला तुझं काही ऐकू येत नाहीये.”

मला हसू आलं, पण दाबलं. ती फटीला तोंड लावून आत ओरडली, “आजोबा, दुपारपर्यंत मी यांना उन्हात नाही ठेवू शकत. आणि खरं सांगा, पहाटेपासून या दारातून एकही माणूस आत आला नाही?”

आकुंग आतून म्हणाले, नाही.

तिसरी काकू म्हणाली, “आला की. हा नाही का आला? बाळ रडल्या रडल्या.”

आणि तिनं फळी पूर्ण उघडून माझ्याकडे बोट दाखवलं.

खरं होतं ते. पहाटे मी भट्टीत झोपलो होतो. वरच्या खिडकीतून वहिनीचं ओरडणं आलं. मी अनवाणी धावत सुटलो, दार नुकतंच कुणीतरी उघडलेलं होतं, तिथे पोचतोय तोच वरून बाळाचं रडणं ऐकू आलं, आणि उंबरा ओलांडून मी चौकातल्या विहिरीपर्यंत गेलो तरी ते चालूच होतं. आधी बारीक, मग जोरात. बाळंतपण करणारी घरातलीच फुंग आजी वरूनच म्हणाली, मुलगी आहे, दोघी ठीक आहेत. मी तिथेच उभा राहिलो. मग आठवलं की मी आत यायचं नाहीये, आणि परत फिरलो. कुणी पाहिलं असेल असं वाटलं नव्हतं. पण तिसरी काकू पहाटेपासून चुलीपाशी आलं किसत होती आणि तिच्या चुलीसमोरून माशी गेली तरी ती लक्षात ठेवते.

मग सगळे एकदम बोलायला लागले. आमच्या घरात भांडण खाजगी नसतं. चारी मजल्यांवरच्या कठड्यांना माणसं येऊन टेकली, जशी वर्षातून एकदा गावात नाटक येतं तेव्हा टेकतात. एका काकूनं मला हाक मारली, आत ये. दुसरी म्हणाली, नको, तिथेच थांब. मी एक पाय उचललेला तसाच खाली ठेवला.

धाकटे काका वरून म्हणाले की पोरगा लू आहे, याच घरात तिसऱ्या मजल्यावर जन्मलाय, तो परका कसा होईल. तिसरी काकू म्हणाली की ते बरोबर, पण पायरीवर उभं राहून सांगितलंय ना, या घरातला नाही म्हणून. पूर्वजांनी ऐकलंय. मग परका नाही तर कोण? आणि परका असेल तर पहिला पाय याचाच. झालं ते झालं, आता डॉक्टर आले काय आणि सम्राट आले काय.

“म्हणजे पुन्हा एक वीजवाला,” कुणीतरी म्हणालं आणि हसू पसरलं. वरून खाली, खालून वर, गोल फिरून माझ्यापर्यंत आलं.

मी आकुंगकडे बघितलं. ते पायरीवर बसले होते, हातात न पेटवलेली बिडी. त्यांच्यापुढे दोनच वाटा होत्या आणि ते घरातल्या लहान पोरालाही कळत होतं. मी परका म्हणायचं, तर पणती माझ्यावर जाणार. मी घरातला म्हणायचं, तर बोललेलं गिळायचं. ते माझ्याकडे बघतच नव्हते. मला वाटलं, हे डोंगर गिळतील, पण शब्द गिळणार नाहीत.

मग माझंच डोकं फिरलं.

“मग जाऊ द्या ना माझ्यावर,” मी म्हणालो. “होऊ दे माझ्यासारखी. शाळा सोडेल, भट्टीत झोपेल. मरत नाही त्यानं कुणी.” शेवटी आवाज फाटला, म्हणून मी सू ताईच्या बसकडे बघत राहिलो. झेंडी तिनं खाली घेतली होती.

तेव्हा तिसऱ्या मजल्यावरून वहिनीचा आवाज आला. थकलेला होता, पण आमच्या घरात हळू बोललेलंही विहिरीपर्यंत ऐकू येतं.

“आकुंग, काय ते लवकर ठरवा. मला झोप येतेय आणि हिला भूक लागलीय.” मग थोडं थांबून म्हणाली, “त्याला रोज जेवायला मीच घालते. खिडकीतून. रागवायचं तर माझ्यावर रागवा.”

“ते मला माहीत नाही होय?” आकुंग म्हणाले. “दोरी कुठून आली वाटलं तुला?”

मी टोपलीची ती दोरी डोळ्यांपुढे आणली. नवीकोरी, तागाची, विहिरीला लावायला आणलेली. विहिरीला मात्र अजून जुनीच होती, गाठी मारलेली.

आकुंग उठले. बिडी कानावर ठेवली आणि आमच्या चुलीकडे गेले. तिथे सकाळपासून मोठं पातेलं रटरटत होतं. तांदळाची दारू, भरपूर आलं आणि कोंबडी. बाळंतिणीला महिनाभर तेच देतात, आणि बाळ झालेल्या घरी पाऊल टाकेल त्यालाही वाडगाभर मिळतं. सगळ्या घरात तो वास भरला होता, बाहेर सावलीत उभी असलेली माणसंसुद्धा नाकं वर करून होती. आकुंगनी वाडगं घेतलं, पळीनं भरलं, वर काय घातलं ते त्यांच्या पाठीमुळे दिसलं नाही. कठड्यावरची माणसं अशी वाकली की मला वाटलं एखादा खाली येतो आता.

कारण सगळं त्या वाडग्यात होतं. पहिल्या परक्या पाहुण्याच्या वाडग्यात अंडी घालतात. सोललेली, अख्खी दोन. घरच्या माणसाला नाही घालत. घरच्या माणसाला पातेल्यात हाताला लागेल ते.

आकुंग चालत दारापर्यंत आले. वाडगं त्यांनी माझ्यापुढे धरलं, उंब्र्याच्या वरून, अर्धं आत अर्धं बाहेर. वाफ इतकी होती की मला काही दिसेना. मी फुंकर मारली. वर आल्याचे काप, तेलाचे गोल, कोंबडीची मान. मी खायच्या काड्यांनी ढवळलं. खाली एक पंख निघाला. पुन्हा ढवळलं, तळापर्यंत.

“अंडं काय शोधतोस?” आकुंग म्हणाले. “पाहुणा आहेस का?”

बस, एवढंच. मागे घेतो वगैरे काही नाही. पण ते माझ्याशी बोलले होते, मधे काकू नव्हती. तिसरी काकू हिरमुसली होती थोडी.

मी प्यायलो. जीभ भाजली, दारू सरळ कानात गेली, डोळ्यांतून पाणी आलं. आल्यामुळे येतं तसं. कोंबडीची मान मला आवडत नाही, पण आज मी ती चोखून चोखून खाल्ली आणि हाड खिशात टाकलं, का ते माहीत नाही.

मग प्रश्न राहिला पहिल्या परक्याचा. तो अजून आलाच नव्हता. आणि दार तर आता सताड उघडं होतं.

सू ताईच्या हे माझ्याआधी लक्षात आलं. ती उंब्र्यापासून दोन पावलं मागे सरकली आणि इकडेतिकडे बघायला लागली. तिला कुणीतरी भला माणूस पुढे ढकलायचा होता. संडास शोधणारा म्हातारा निवृत्त मास्तर निघाला, पण तो अजून तिकडेच होता. कॅमेरावाला पुढे यायला तयार होता, त्याला काकूंनीच नको म्हटलं, कारण तो सकाळपासून वर बघतोय आणि दोनदा नाल्यात पाय घालून झालाय.

“आम्हाला कुणीही चालेल हो,” टोपीवाली म्हणाली, “पण आत तरी घ्या.”

पुन्हा वहिनीच बोलली. “त्या झेंडीवाल्या बाईंनाच येऊ द्या. सकाळपासून ऐकतेय मी. कुणाला दबत नाहीत.”

सू ताई लाल झाली. मग तिनं केस सारखे केले, झेंडी माझ्या हातात दिली, आणि उंब्र्यावर पाय न ठेवता, नीट उंच उचलून, आत आली. नवी नवरी येते तशी आली. आकुंगनी तिला वाडगं दिलं. त्यात दोन अंडी होती, लांबूनही दिसत होती. तिनं उभ्या उभ्याच खाल्ली, आणि दुसरं अंडं खाताना मला विचारलं की मुलगी की मुलगा. मी म्हटलं, मुलगी.

“मग बरं आहे,” ती म्हणाली. “मुलगा असता आणि माझ्यासारखा बोलला असता, तर तुझ्याशी रोज जुंपली असती.”

मी म्हटलं, मुलगी असली तरी जुंपणारच आहे. ती हसली, तोंडात अंडं होतं तरी.

नंतर बसभर माणसं आत आली. सगळ्यांना वाडगाभर दिलं, पातेलं पुन्हा चढवावं लागलं. मास्तरही आले, त्यांना कळेचना की आपण काय चुकवलं. सू ताईनं बॉम्बचं सांगायला सुरुवात केली आणि मधेच सोडून दिलं. म्हणाली, आज हे बघा. आणि वर बोट केलं, तिथे फुंग आजी बाळाचं दुपटं कठड्यावर वाळत घालत होती. फोटो मात्र तिनं कुणाला काढू दिला नाही.

मी वर जाऊन आलो. बाळाचे डोळे मिटलेले होते, पण भुवया ताणलेल्या होत्या. सू ताईसारख्याच, खोटं नाही सांगत. वहिनी झोपली होती. दाराशी टोपली होती आणि तिच्यात ती दोरी, नीट गुंडाळून ठेवलेली.

आता एक काम राहिलंय. बाळ झालं की आईच्या माहेरी कळवायला जायचं असतं, मुलगा असेल तर कोंबडा घेऊन, मुलगी असेल तर कोंबडी घेऊन. हे बापाचं काम, पण दादाची गाडी संध्याकाळी पोचणार आणि बातमी दुपारच्या जेवणाआधी पोचायला हवी. फोन करून चालत नाही. आणि परक्याच्या हाती कोंबडी पाठवत नाहीत, घरातलाच माणूस लागतो. मघाशी आकुंग चौकात उभे राहून म्हणाले की कोण जाणार. धाकट्या काकांनी हात वर केला होता. आकुंगना तो दिसला नाही. ते माझ्याकडे बघून म्हणाले, “आसेन, सायकलला हवा आहे का?”

हवा आहे. काकूनं कोंबडीच्या पायाला लाल दोरा बांधलाय आणि ती टोपलीतून मान काढून माझ्या शर्टाची गुंडी ओढतेय. तंबाखूचा वास जाईना म्हणून शर्ट दादाचा घातलाय, बाह्या लांब आहेत. आकुंग दारातून दोनदा डोकावून गेले. मला आता निघायला हवं.